व्हेनिसची कारागीर बेटे: अर्ध्या दिवसाच्या बोटसफरीचे परीक्षण

गोव्यातून युरोपला जाणाऱ्या सहलींच्या कार्यक्रमपत्रिकेत व्हेनिसच्या दिवसाखाली बहुधा एक ओळ छापलेली असते: ‘मुरानो, बुरानो व तोर्चेल्लो बेटे, ऐच्छिक, शुल्क वेगळे.’ ही ऐच्छिक सफर घ्यावी की तो अर्धा दिवस व्हेनिसच्या गल्ल्यांतच घालवावा, असे फोंड्यातील आणि मडगावातील परिचित मंडळी विचारत असतात. ज्यांची मुले किंवा भाचरे युरोपात नोकरीला आहेत आणि जे सहल कंपनीशिवाय स्वतःच तिकडे जाऊ लागले आहेत, ते तर आवर्जून विचारतात. आम्ही घेतलेली सफर सान मार्को चौकापासून चालत गाठता येणाऱ्या रिवा देल्यी स्क्यावोनी या धक्क्यावरून सुटणारी, साधारण साडेचार तासांची आणि माणशी तीस युरोंच्या आसपासची होती. कंपनीचे नाव येथे देत नाही, कारण त्याच धक्क्यावरून जवळपास याच आखणीच्या सफरी अनेक कंपन्या चालवतात आणि मला आक्षेप घ्यायचा आहे तो त्या आखणीवर. काच आणि लेस या दोन कारागिरींच्या नावावर हे तिकीट विकले जाते, आणि सफरीत सर्वांत कमी वेळ मिळतो तो त्या दोहोंनाच.

बोटीविषयी तक्रार करण्यासारखे काही नाही. बसायला पुरेशी बाके होती, वर छत होते, मागे थोडी उघडी जागा होती आणि चढताना-उतरताना खलाशी प्रत्येकाला हात देत होता. आमच्यासोबत म्हार्दोळची मावशी होती. तिचे गुडघे अलीकडे कुरकुर करतात, पण तिला कुठेही त्रास झाला नाही. गाईडची अडचण मात्र पहिल्या दहा मिनिटांतच लक्षात आली. तीच माहिती तिला इटालियन, फ्रेंच, जर्मन, स्पॅनिश आणि सर्वांत शेवटी इंग्रजी अशा पाच भाषांत सांगायची होती, आणि बोट काही तिच्यासाठी थांबत नव्हती. त्यामुळे विटांच्या भिंतीने वेढलेले सान मिकेले हे दफनभूमीचे बेट पाठीमागे पडल्यानंतर आपण नुकतेच काय पाहिले ते आम्हाला कळले, आणि सांतेरास्मो या भाजीपाल्याच्या बेटाविषयी एकच वाक्य वाट्याला आले. वास्तविक तेथील जांभळे आर्टिचोक व्हेनिसच्या बाजारात नावाजलेले आहेत, आणि सांत इस्तेवची भेंडी शोधत बाजारात फिरणाऱ्या गोवेकराला त्याविषयी ऐकायला नक्कीच आवडले असते. लगूनची, म्हणजे व्हेनिसभोवतीच्या उथळ खाडीची, सरासरी खोली जेमतेम मीटर-दीड मीटर असल्याने बोटींना आखून दिलेल्या खोल वाटेनेच जावे लागते, आणि ती वाट पाण्यात रोवलेल्या तीन-तीन लाकडी खांबांच्या जुडग्यांनी दाखवलेली असते, ही माहिती गाईडकडून नव्हे, तर मिलानजवळ नोकरी करणाऱ्या मावसभावाकडून मिळाली.

पहिला थांबा मुरानोचा. १२९१ मध्ये व्हेनिसच्या महासभेने शहरातील काचेच्या भट्ट्या या बेटावर हलवण्याचा हुकूम काढला. लाकडी घरांच्या दाट वस्तीत रात्रंदिवस पेटलेल्या भट्ट्या म्हणजे आगीला आमंत्रणच होते. पण एका बेटावर सगळे कारागीर एकत्र आले की त्यांच्यावर नजर ठेवणेही सोपे जाते, आणि पुढील काही शतके व्हेनिसने ती नजर कडक ठेवली. काच कारागिराला समाजात मोठा मान होता, परंतु प्रजासत्ताकाच्या परवानगीवाचून बाहेर जाऊन धंदा करण्याची मुभा त्याला नव्हती. पंधराव्या शतकाच्या मध्यास आंजेलो बारोविएर याच्या भट्टीत ‘क्रिस्ताल्लो’ ही जवळजवळ रंगहीन, पारदर्शक काच तयार होऊ लागली आणि युरोपातील राजघराण्यांच्या मेजवान्यांत मुरानोचे पेले दिसू लागले. सतराव्या शतकात चौदाव्या लुईचा मंत्री कोल्बेर याने मुरानोचे आरसे बनवणारे कारागीर पैशांची लालूच दाखवून फ्रान्सला पळवले, तेव्हा या गुपिताला खरी गळती लागली. हा सगळा इतिहास गाईडने दोन मिनिटांत उरकला, आणि पाच भाषांचा हिशेब लक्षात घेता तिला दोष देणे अन्यायाचे ठरेल.

धक्क्यावर उतरताच आम्हाला रांगेने एका कारखान्यात नेण्यात आले. भट्टीसमोर नाट्यगृहात असतात तशा चढत्या पायऱ्यांची बाके होती. कारागीर पन्नाशी उलटलेला, अर्ध्या बाह्यांचा शर्ट घातलेला, आणि संपूर्ण वेळात एकही शब्द न बोललेला गृहस्थ होता. बोलण्याचे काम शेजारी उभ्या असलेल्या विक्रेत्याकडे होते. प्रथम त्याने लोखंडी नळीवर काचेचा गोळा घेऊन फुंकून एक फुलदाणी घडवली. नंतर भरीव सळईच्या टोकावर नारिंगी, मधासारखा ओघळू पाहणारा गोळा घेतला, आणि येथे मात्र सर्वांनी मोबाईल बाजूला ठेवले. डाव्या हाताने तो सळई सतत फिरवत होता. क्षणभरही थांबला असता तर गोळा एका बाजूला लोंबला असता. उजव्या हातात लांब चिमटा. चिमट्याने एक ओढ दिली तशी मान निघाली, तिला खालच्या बाजूने एक दाब दिला तसे नाकाड आले, मानेच्या कडेने भराभर चिमटे काढत गेला तशी आयाळ उभी राहिली. पुढचे दोन पाय वर उचललेले, मागचे दोन जमिनीवर, शेपूट ओढून वळवलेली, आणि मिनिटभरात उधळलेला घोडा लोखंडी पाटावर उभा! नारिंगी रंग उतरत जाऊन काच स्वच्छ होत असताना विक्रेत्याने घोड्याच्या पाठीला कागदाचा कपटा टेकवला आणि तो भपकन पेटला. टाळ्या पडल्या.

हे प्रात्यक्षिक उत्तम होते यात शंका नाही. मात्र पाहणाऱ्याने एक गोष्ट ध्यानात ठेवावी. हा घोडा थाळीत ठेवून दाखवण्यासाठीच असतो. निववण्याच्या वेगळ्या भट्टीत सावकाश थंड न केलेली काच आतल्या ताणाने तडकते, आणि विक्रीच्या वस्तूला त्या भट्टीत कित्येक तास काढावे लागतात. काचेला निळा रंग कोबाल्टने येतो, माणिकासारखा लाल रंग आणण्यासाठी सोने वापरतात, वितळलेल्या काचेतील हिरवट झाक घालवण्यासाठी मँगनीज घालतात, आणि जुन्या काळी उत्कृष्ट काचेसाठी तिचीनो नदीतील पांढरे गारगोटे कुटून घेत व त्यात भूमध्य समुद्राच्या पूर्व किनाऱ्यावरून आणलेल्या वनस्पतींची राख मिसळत. यांपैकी एकही गोष्ट त्या पंधरा मिनिटांत सांगितली गेली नाही. मावसभावाने राखेविषयी इटालियनमध्ये विचारले तेव्हा विक्रेत्याने हसून सांगितले की वरच्या मजल्यावर सर्व प्रश्नांची उत्तरे मिळतील.

वरच्या मजल्यावर अर्थातच दुकान होते, आणि प्रात्यक्षिकापेक्षा दुप्पट वेळ आम्ही तेथे काढला. बाहेर जाण्याचा दरवाजा दुकानातूनच होता. झुंबरांच्या दालनात एका पेल्यांच्या जोडीची किंमत मी केवळ पाहिली, तेवढ्यात ती वीस टक्क्यांनी कमी झाली. पाठ फिरवल्यावर निम्म्यावर आली. ज्या मालाची किंमत गिऱ्हाईकाच्या पाठीकडे पाहून ठरते त्या मालाविषयी शंका घेण्याचा अधिकार गिऱ्हाईकाला आहे, असे माझे मत आहे. कळंगुटच्या रस्त्यावर हीच पद्धत चालते आणि तेथे आपण तिला हसतो. बेटावर खरा माल नाही असे मुळीच नाही. वेनेतो प्रांताच्या १९९४ च्या कायद्याने मुरानोवर घडवलेल्या काचेसाठी ‘वेत्रो आर्तिस्तिको मुरानो’ हे व्यापारचिन्ह निर्माण केले असून ते चिकटवलेली वस्तू कोणत्या भट्टीतून आली याचा माग काढता येतो. चिन्ह नसलेली प्रत्येक वस्तू खोटी ठरत नाही, कारण काही नामांकित कारखाने ते वापरतच नाहीत आणि स्वतःची सही कोरतात. परंतु पुलाजवळच्या टपऱ्यांत पाच-सात युरोंना मिळणारे लोलक बहुतांशी बाहेरून आलेले असतात. पेला उलटा करून पाहावा: फुंकलेल्या काचेला तळाशी सळई मोडल्याची खूण किंवा ती घासून काढल्याचा गुळगुळीत ठसा असतो, आणि सहा पेल्यांच्या संचात दोन पेले तंतोतंत सारखे नसतात.

सफरीत न दाखवलेले मुरानो त्या कारखान्यापासून फार लांब नव्हते. १८६१ मध्ये सुरू झालेले काचेचे संग्रहालय जुन्या जुस्तिनियान वाड्यात आहे. धातूच्या सांगाड्यावर काचेची पाने, फुले आणि वेलबुट्टी चढवून केलेली अठराव्या शतकातील झुंबरांची घडण तेथे नीट समजून घेता येते. जुझेप्पे ब्रियाती याच्या नावाने ओळखली जाणारी ही शैली, कवळ्याच्या शांतादुर्गेच्या किंवा मंगेशीच्या सभामंडपातील झुंबरांखाली लहानाचे मोठे झालेल्यांना दाखवायलाच हवी. आपल्याकडची झुंबरे कोठून आली हा वेगळा विषय आहे, पण झुंबर कसे जोडतात हे एकदा जवळून पाहिले की देवळात गेल्यावर नजर आपोआप वर जाते. त्याच संग्रहालयात इवल्याशा काचमण्यांचे नमुने आहेत. हे मणी व्हेनिसहून आफ्रिकेत आणि आशियात गाड्यागणती गेले, चलनासारखे वापरले गेले, आणि काचमणी घडवण्याची ही कला २०२० मध्ये इटली व फ्रान्स यांच्या संयुक्त नावाने युनेस्कोच्या यादीत आली. येथे एक अवांतर गोष्ट नोंदवतो. १४९८ मध्ये वास्को द गामा कालिकतला पोचला आणि १५१० मध्ये आल्बुकेर्कने गोवा घेतला, तेव्हा तांबड्या समुद्रामार्गे येणाऱ्या मिरीवर जगणाऱ्या व्हेनिसच्या सावकारांचे धाबे दणाणले होते. पुढे तो व्यापार बराच सावरला, तरी सुरुवातीचा धक्का मोठा होता. गोव्याहून आलो असे सांगितल्यावर ‘समुद्रकिनारा, पार्टी’ असे म्हणणाऱ्या गाईडला हे सांगण्याचा मोह मी आवरला, कारण तोपर्यंत ती जर्मन भाषेत शिरली होती.

संग्रहालयापासून थोड्याच अंतरावर सांता मारिया ए सान दोनातो हे चर्च असून त्याच्या मोझेक फरशीवर ११४० हे साल कोरलेले आहे. मोर, गरुड, काठीला उलटा टांगलेला कोल्हा घेऊन चाललेले दोन कोंबडे, असा तो सगळा दगडी गालिचा आहे. त्यासाठीही सफरीत वेळ नव्हता. तो आम्ही दुसऱ्या खेपेस, साध्या प्रवासी बोटीने जाऊन पाहिला.

तोर्चेल्लो येथे कारागिरीचे दुकान नाही, आणि म्हणूनच बहुधा कंपनीने तेथे सर्वांत कमी वेळ ठेवलेला आहे. धक्क्यापासून कालव्याच्या काठाने दहा मिनिटे चालावे लागते, वाटेत कठडे नसलेला ‘सैतानाचा पूल’ लागतो, आणि चाळीस मिनिटांतून येण्याजाण्याची वीस वजा केल्यावर चर्चचे तिकीट काढून आत जाऊन बाहेर येण्याइतकाच अवधी उरतो. आमच्या बोटीतील निम्म्याहून अधिक लोक आत गेलेच नाहीत. त्यांनी ‘अत्तिलाचे सिंहासन’ म्हणवल्या जाणाऱ्या दगडी आसनावर बसून छायाचित्रे काढली. हे बेट एकेकाळी व्हेनिसहून मोठे आणि गजबजलेले होते. पाण्याचे मार्ग गाळाने भरत गेले, हिवताप पसरला, लोक उठून गेले, आणि आता कायमची वस्ती हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी आहे. ६३९ मध्ये स्थापन झालेल्या सांता मारिया आस्सुंता या कॅथेड्रलमध्ये पश्चिमेच्या संपूर्ण भिंतीवर अंतिम निवाड्याचे मोझेक आहे, तर समोरच्या घुमटाकार कोनाड्यात सोनेरी पार्श्वभूमीवर एकटी उभी असलेली मरियम आहे. ती पार्श्वभूमी म्हणजे काचेचीच कारागिरी होय: काचेच्या तुकड्यावर सोन्याचा वर्ख ठेवून त्यावर पुन्हा पातळ काच चढवलेली असते, आणि तुकडे किंचित वेगवेगळ्या कोनांत बसवलेले असल्याने पाहणारा हलला की सोनेही हलते. शिवाय १९६१ आणि १९६२ मध्ये याच बेटावर झालेल्या उत्खननात सातव्या-आठव्या शतकातील काचेच्या भट्टीचे अवशेष सापडले आहेत. म्हणजे मुरानोच्या हुकुमाच्या कित्येक शतके आधी लगूनमध्ये काच घडत होती ती येथे. काचेच्या नावाने विकलेल्या सफरीत हे एक वाक्य कोणत्याही एका भाषेत यायला हवे होते.

बुरानोला आम्ही शेवटी पोचलो. निळी, गुलाबी, पिवळी, जांभळी घरे छायाचित्रांत दिसतात तशीच आहेत, आणि घराचा रंग मालकाला मनाला येईल तसा बदलता येत नाही, त्यासाठी परवानगी घ्यावी लागते. चर्चचा मनोरा चांगलाच कललेला आहे. गाईडने चौकापर्यंत सोबत केली, एका लेसच्या दुकानाकडे बोट दाखवले आणि तासाभराने धक्क्यावर भेटण्यास सांगून ती निघून गेली. त्या दुकानात दाराजवळ एक बाई सुईकाम करत बसलेली होती आणि तिच्या मागे टेबलक्लॉथ, रुमाल, बाळांची झबली यांच्या थप्प्या होत्या. मावशीने एक रुमाल उचलला, उलटा केला, कडेच्या टाक्यांवरून नख फिरवले आणि परत ठेवला. बाहेर आल्यावर म्हणाली, “यंत्रावरचं आहे रे. मागची बाजू इतकी एकसारखी माणसाच्या हातून येत नाही.” मावशी शाळेत असताना सिस्टरांकडून क्रोशा शिकली, आणि घरातील प्रत्येक टीपॉयवर तिचे विणकाम आजही आहे, तिच्या निर्णयावर मी शंका घेतली नाही. बुरानोच्या दुकानांत विकली जाणारी बरीचशी लेस यंत्रावरची आणि बेटाबाहेरून आलेली असते, हे तेथील लोकही नाकारत नाहीत. ओंजळीएवढ्या खऱ्या तुकड्याला आठवडे लागतात. त्याची किंमत थप्पीतल्या रुमालाच्या रांगेत बसूच शकत नाही.

उरलेला वेळ आम्ही गालुप्पी चौकातील लेस संग्रहालयात घालवला, आणि सबंध सफरीचे पैसे तेथे वसूल झाले, जरी त्याचे तिकीट सफरीत समाविष्ट नव्हते. हे संग्रहालय जुन्या लेस शाळेच्या इमारतीत आहे. १८७२ च्या कडक हिवाळ्यात मासेमारी बंद पडून बेटावर उपासमार आली, तेव्हा बायकांच्या हाताला काम मिळावे म्हणून काउंटेस आंद्रियाना मार्चेल्लो आणि पाओलो फांब्री यांनी ही शाळा काढली. अडचण अशी होती की सोळाव्या-सतराव्या शतकांत युरोपभर गाजलेले हे टाके तोपर्यंत जवळजवळ विसरले गेले होते. चेंचिया स्कार्पारियोला या नावाने ओळखली जाणारी एक वृद्धा त्यातील मर्म अजून जाणत होती. तिच्याकडून एका शिक्षिकेने टाके शिकून घेतले आणि तिने मुलींना शिकवले. एका म्हातारीच्या बोटांवर सबंध कला तगून राहिली होती! शाळा सुमारे शंभर वर्षे चालली, आणि १९८१ मध्ये त्याच जागी संग्रहालय उघडले.

वरच्या मजल्यावर खिडकीजवळ दोन वयस्क बायका काम करत बसल्या होत्या. त्यांपैकी एकीच्या मांडीवर दंडगोल उशी होती, उशीवर एक लहानसा लाकडी दंड, आणि त्या दंडावर ताणून धरलेले काम. दुहेरी कापडावर नक्षी काढलेला कागद टाचलेला होता. नक्षीच्या रेषांवर जाड धागा बारीक टाक्यांनी बसवलेला होता, आणि आता ती त्या दोन धाग्यांच्या मधली पोकळी सुईच्या टाक्यांनी भरत होती. टाका कापडात शिरतच नव्हता. आधीच्या टाक्याच्या फासात अडकून तो हवेत उभा राहत होता. सगळी नक्षी भरून झाली की कापडाच्या दोन थरांमध्ये कात्री घालून टाचलेले धागे कापतात, कागद आणि कापड सुटून पडतात आणि लेस मोकळी होते. पूर्वी यातील प्रत्येक टप्पा वेगळी बाई करीत असे. रेखांकन करणारी रेखांकनच करी, जाळी भरणारी जाळीच भरी, आणि एका तुकड्याला सात-सात हात लागत. मावशी तिच्यासमोरच्या खुर्चीवर जाऊन बसली. क्रोशाला आकडा लागतो, येथे साधी सुई, हा फरक तिने प्रथम पाहिला. मग स्वतःच्या पिशवीतून अर्धवट विणलेली चकती काढून पुढे केली. त्या बाईने ती खिडकीकडे धरली, दोन फास मोजले आणि मावसभावाला इटालियनमध्ये विचारले की हा धागा एवढा पिळाचा कुठे मिळतो. धागा म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारातला होता. पुढील पंधरा मिनिटे दोघींचे बोलणे मावसभाऊ भाषांतरित करत होता, पण बराचसा भाग त्याच्याशिवायच चालला. ही पंधरा मिनिटे कोणत्याही सफरीच्या पत्रकात छापता येणार नाहीत हे खरे; तरी त्यांना जागा मिळेल एवढी सैल आखणी करणे कंपनीच्या हातात आहे.

गोव्यात राहून पर्यटकांचा धंदा रोज पाहणाऱ्या माणसाला या सफरीकडे थोडे आतल्या बाजूने पाहता येते. मांडवीत संध्याकाळी निघणाऱ्या नाचगाण्यांच्या बोटी चोडण आणि दिवाडी या बेटांच्या जवळ असूनही तेथे कोणाला उतरवत नाहीत. कुणबी साडीला वेशभूषाकार वेंडेल रॉड्रिक्स यांनी पुन्हा प्रकाशात आणले, पण त्या तांबड्या चौकड्यांची यंत्रमागावरील नक्कल बाजारात हातमागाच्या नावाने खपते, आणि फरक ओळखणारे गिऱ्हाईक कमीच. व्हेनिसच्या कंपनीने निदान लोकांना बेटावर उतरवले, भट्टीसमोर बसवले, काम करणारे हात दाखवले. एवढे तरी आपल्याकडे कुठे होते? परंतु दुकान हेच सफरीचे मुख्य ठिकाण झाले की कारागीर हळूहळू दुकानाच्या दारातील शोभेची वस्तू होतो, आणि मुरानोचा तो न बोलणारा कारागीर पाहताना मला हे फार खटकले. प्रश्न विचारायला माणूस समोर होता, त्याला उत्तरेही ठाऊक होती, पण त्याच्या कामात बोलणे बसवलेले नव्हते.

आता व्यवहाराचे. ज्यांच्याकडे व्हेनिसमध्ये एकच दिवस आहे, ज्यांच्यासोबत वयस्क माणसे आहेत, किंवा ज्यांना बोटींची वेळापत्रके वाचण्याचा कंटाळा आहे, त्यांनी ही सफर अवश्य घ्यावी; साडेचार तासांत तीन बेटांचे दर्शन दुसऱ्या कोणत्याही मार्गाने इतक्या निर्धास्तपणे होत नाही. इतरांनी सार्वजनिक बोटीने जावे. फोंदामेंते नोवे या उत्तरेकडील धक्क्यावरून १२ क्रमांकाची बोट मुरानोच्या दीपगृहाजवळून बुरानोला जाते, आणि बुरानोहून तोर्चेल्लो अगदी समोर आहे. एका वेळचे तिकीट ७५ मिनिटांसाठी साडेनऊ युरो असल्याने सुटी तिकिटे काढत गेल्यास महाग पडते. आम्ही गेलो तेव्हा २४ तासांचा पास २५ युरोंना मिळत होता, म्हणजे मार्गदर्शित सफरीहून स्वस्त, आणि त्यावर शहरातील बोटीही आल्या. बोटीत गर्दी असते, बसायला जागा मिळेलच असे नाही, आणि माहिती सांगायला कोणी नसते. जाण्यापूर्वी थोडे वाचून ठेवावे. काच आणि लेस या दोन्ही संग्रहालयांसाठी एकत्रित तिकीट मिळते. लेसचे संग्रहालय सोमवारी बंद असते, त्यामुळे सोमवार टाळावा. सोमवारी शिवराक (शाकाहार) पाळणाऱ्यांचा बुरानोच्या माशांच्या खाणावळीतील पेचही त्यामुळे आपसूक टळतो. इतर दिवशी तेथे लगूनमधील ‘गो’ नावाच्या माशाच्या रश्शात शिजवलेला भात मागवावा. शिवराक माणसाने, अंडे चालत असेल तर, एस आकाराची लोण्याची आणि अंड्याची बिस्किटे घेऊन चौकात बसावे.

भट्ट्यांचे काम सकाळी जोरात असते, म्हणून मुरानो आधी करावे आणि फुकट प्रात्यक्षिकाला बोलावणाऱ्यापेक्षा थोडे तिकीट लावणाऱ्या भट्टीत जावे, कारण तेथे वरच्या मजल्यावर नेण्याची घाई नसते. दुपारी बुरानो, चर्च बंद होण्यापूर्वी तोर्चेल्लो, आणि पुन्हा बुरानोला येऊन संध्याकाळची बोट, असा क्रम आम्हाला दुसऱ्या खेपेस सोयीचा वाटला. सफरींच्या बोटी परतल्यावर बुरानोच्या गल्ल्यांत दारापुढे खुर्च्या टाकून बसलेली तिथली माणसे दिसू लागतात. काच घ्यायचीच असेल तर बिलावर भट्टीचे नाव लिहून घ्यावे, वस्तू दुकानातच बांधून घ्यावी आणि ती मोठ्या बॅगेत न टाकता हातातील सामानात आणावी. आमच्या सोबतच्या एका जोडप्याने फुलदाणी कपड्यांत गुंडाळून बॅगेत ठेवली होती. मोपा विमानतळावर बॅग पट्ट्यावर आली तेव्हाच ती खुळखुळत होती.